डेव्ही क्रॉकेट: सरहद्दीवरचा शिपाई संसदेत गेला, तो जमिनीसाठी

२६ मे १८३० रोजी अमेरिकेच्या संसदेच्या कनिष्ठ सभागृहात एका विधेयकावर मतदान झालं. बाजूने १०२, विरोधात ९७. चेरोकी, क्रीक, चॉक्टॉ, चिकसॉ आणि सेमिनोल हे आग्नेय अमेरिकेचे मूळ रहिवासी. त्यांना घरादारासकट मिसिसिपी नदीपलीकडे हलवण्याची वाट या पाच मतांनी मोकळी झाली. विधेयकामागे होता राष्ट्राध्यक्ष अँड्र्यू जॅक्सन. तो टेनेसी राज्याचा, त्यामुळे टेनेसीचे प्रतिनिधी त्याच्या मागे उभे राहिले. एक सोडून.

तो एक म्हणजे डेव्हिड क्रॉकेट. अमेरिकेत पोराटोरांना तो ‘डेव्ही क्रॉकेट’ म्हणून ठाऊक आहे: डोक्यावर रॅकूनच्या कातड्याची टोपी, हातात लांब नळीची बंदूक, अस्वलांचा शिकारी, टेक्सासच्या अलामो गढीत लढून मेलेला वीर. या चित्रात त्याचं संसदेतलं काम झाकून जातं. माझ्या मते त्याच्या आयुष्यातली समजून घेण्याजोगी गोष्ट तीच आहे. मूळ रहिवाशांनी ज्याच्या आजी-आजोबांना मारलं आणि जो स्वतः जॅक्सनच्या सैन्यात त्यांच्याविरुद्ध लढला, त्याने या विधेयकाला नकार का द्यावा? याचं उत्तर हवं असेल तर त्या काळी तिथे जमीन कुणाच्या नावावर कशी चढत होती, ते आधी पाहावं लागतं.

क्रॉकेटचा जन्म १७ ऑगस्ट १७८६ चा, नोलिचकी नदीकाठचा, आजच्या पूर्व टेनेसीतला. तेव्हा टेनेसी हे राज्यच नव्हतं, ते १७९६ साली झालं. डोंगर ओलांडून आलेली गोरी कुटुंबं जंगल तोडून मका लावत होती. ती जमीन मुळात ज्यांची, त्यांच्याशी कधी व्यापार, कधी तह, कधी मारामारी चाले. १७७७ साली अशाच एका हल्ल्यात त्याचे आजी-आजोबा मारले गेले. वडील जॉन क्रॉकेट रस्त्यावर खाणावळवजा मुक्कामाचं ठिकाण चालवायचे आणि कायम कर्जात असायचे. बारा वर्षांच्या मुलाला त्यांनी गुरं हाकायच्या कामावर एका अनोळखी माणसाबरोबर व्हर्जिनियाला धाडलं. तिथून तो पोरगा बर्फातून पळून घरी आला. पुढे शाळेत घातलं, तर चार दिवसांत एका दांडगट मुलाशी मारामारी केली आणि मास्तरांच्या व बापाच्या छडीच्या भीतीने पुन्हा पळाला, तो काही वर्षांनी परतला. परतल्यावर त्याने एका सावकाराकडे सहा महिने राबून वडिलांचं ३६ डॉलरचं कर्ज फेडलं. मग दुसऱ्याकडे आणखी सहा महिने राबला आणि ४० डॉलरची चिठ्ठी फाडून टाकायला वडिलांच्या हातात आणून दिली. हा दुसरा सावकार क्वेकर या ख्रिस्ती पंथाचा होता. त्याच्याच मुलाकडे क्रॉकेट जेमतेम लिहा-वाचायला शिकला. गरिबांचं कर्ज आणि त्यापायी होणारी फरफट संसदेत पोचेपर्यंत त्याला पुस्तकात वाचावी लागली नाही.

१८०६ साली पॉली फिनलेशी लग्न झालं आणि बिऱ्हाड पश्चिमेला सरकू लागलं. जमीन भाड्याने करायची, परवडेनासं झालं की पुढच्या रानात जायचं. १८१३ च्या ऑगस्टअखेर क्रीक जमातीच्या एका गटाने आजच्या अलाबामातल्या फोर्ट मिम्सवर हल्ला करून शेकडो माणसं मारली. टेनेसीत संतापाची लाट उठली. पॉलीने परोपरीने विनवलं तरी क्रॉकेट नव्वद दिवसांच्या बोलीवर घोडदळात भरती झाला.

रान वाचता येत असल्यामुळे त्याला टेहळणीवर पाठवलं. क्रीक योद्धे नदी ओलांडून येत असल्याची खबर घेऊन तो रातोरात छावणीत आला, पण कर्नल जॉन कॉफीने लक्ष दिलं नाही. दुसऱ्या दिवशी एका मेजरने तीच खबर आणली आणि सगळी छावणी धावपळीला लागली. साधा शिपाई खरं बोलला तरी ते खोटं आणि अधिकारी बोलला की खरं, हा सल क्रॉकेटने पुढे वीस वर्षांनी आत्मचरित्रातही मांडला. मोठ्या हुद्द्याच्या, मोठ्या घरच्या माणसांवरचा त्याचा राग इथपासून दिसतो.

३ नोव्हेंबर १८१३ रोजी सैन्याने टॅलुशॅची हे क्रीक गाव पहाटे वेढलं. पुढचा भाग क्रॉकेटने स्वतः लिहून ठेवला आहे आणि वाचताना अंगावर काटा येतो. एका घराच्या दारात बसलेल्या बाईने पाय धनुष्याला लावून बाण सोडला आणि एक लेफ्टनंट मेला. शिपाई पिसाळले. त्या बाईच्या अंगात वीसेक गोळ्या घातल्या, घरात ४६ योद्धे होते त्यांना आत ठेवूनच घर पेटवलं. सुमारे बारा वर्षांचा एक मुलगा गोळी लागून जळत्या घराजवळ सरपटत होता, त्याने ‘आई गं’ म्हटलं नाही. आम्ही त्यांना कुत्र्यांसारखं मारलं, असं क्रॉकेट लिहितो. त्या दिवशी १८० च्या वर क्रीक माणसं मेली, सैन्यातली पाच. सैन्याकडे अन्न नव्हतं. दुसऱ्या दिवशी त्या जळक्या घराखालच्या तळघरात बटाटे सापडले. वर जळालेल्या माणसांच्या चरबीत ते शिजले होते. उपाशी शिपायांनी ते खाल्ले.

या प्रसंगाबद्दल त्याने पुढे कुठे जाहीर पश्चात्ताप केला, असं मी म्हणणार नाही. पण त्याने तो लपवला नाही, वीरश्रीचं पांघरूणही घातलं नाही. त्या काळच्या लढवय्यांच्या आठवणींत हे क्वचितच आढळतं. १८१४ मध्ये तो पुन्हा सार्जंट म्हणून गेला, फ्लोरिडातल्या पेन्साकोलापर्यंत, पण लढाई तो पोचायच्या आधीच संपली होती. १८१५ मध्ये घरी आला आणि थोड्याच काळात पॉली गेली. पदरी तीन मुलं. मग त्याने एलिझाबेथ पॅटन या विधवेशी लग्न केलं. तिचा पहिला नवरा याच क्रीक युद्धात मारला गेला होता.

आता जमिनीकडे येतो.

इंग्रजांविरुद्धच्या स्वातंत्र्ययुद्धात नॉर्थ कॅरोलिना राज्याकडे सैनिकांना द्यायला रोकड नव्हती. म्हणून डोंगरापलीकडच्या जमिनीचे हक्कपत्र वाटले गेले, त्यांना वॉरंट म्हणत. वॉरंटवर अमुक गाव, अमुक शेत असं काही नसे. इतके एकर जमीन मिळेल, एवढंच. ज्याच्या हाती कागद, त्याने मोकळी जमीन शोधायची, मोजणी करून घ्यायची आणि आपल्या नावे नोंदवायची. शिवाय हे कागद विकता येत. बहुतेक शिपायांनी ते कवडीमोलाने विकले आणि व्यापाऱ्यांनी गठ्ठेच्या गठ्ठे जमवले. जे सैनिक वारस न ठेवता मेले, त्यांचे हक्क नॉर्थ कॅरोलिनाच्या विद्यापीठाला मिळाले. त्या विद्यापीठाचे दलालही टेनेसीत जमीन शोधत फिरत होते.

टेनेसीचा पश्चिम भाग १८१८ पर्यंत चिकसॉ जमातीचा होता. त्या वर्षी जॅक्सन आणि आयझॅक शेल्बी यांनी तह करून तो संघराज्यासाठी घेतला. मोबदला तीन लाख डॉलर, तोही पंधरा वर्षांच्या हप्त्यांनी. ताबडतोब गरीब कुटुंबं तिथे घुसली. त्यांनी झाडं पाडली, ओंडक्यांची घरं बांधली, मका लावला. पण कागद कुणाकडेच नव्हता. मग वॉरंटवाला मोजणीदाराला घेऊन येई आणि नदीकाठची काळीभोर जमीन, त्यावरच्या घर-विहिरीसकट, आपल्या नावे मोजून नेई. वहिवाट एकाची आणि सातबारा दुसऱ्याच्या नावावर, असं आपल्याकडे होतं तेव्हा काय होतं ते सांगायला नको. तिथे तर वहिवाटदाराच्या बाजूने उभा राहणारा कायदाच नव्हता. सरकारी जमीन रीतसर विकत घ्यायची तर १८२० च्या कायद्याप्रमाणे एकरी किमान सव्वा डॉलर आणि कमीत कमी ८० एकर, म्हणजे शंभर डॉलर रोख. जंगलात अस्वलाचं कातडं विकून मीठ आणणारा माणूस शंभर डॉलर कुठून आणणार?

क्रॉकेट याच लोकांतला. १८१७ च्या सुमारास तो लॉरेन्स परगण्यात वसला, तिथे न्यायदंडाधिकारी झाला. कायद्याचं पुस्तक न उघडता आपण न्यायबुद्धीने निवाडे दिले, असं तो सांगे. मग स्थानिक पलटणीने त्याला लेफ्टनंट कर्नल निवडलं आणि १८२१ मध्ये तो टेनेसीच्या विधिमंडळात गेला. त्याच वर्षी पुराने त्याची पाणचक्की, बंदुकीच्या दारूचा कारखाना आणि दारूची भट्टी धुऊन नेली. बायकोने सांगितलं, आहे ते विकून देणी भागव. त्याने तसंच केलं आणि पुन्हा पश्चिमेला, ओबायन नदीच्या रानात, शून्यातून सुरुवात केली.

विधिमंडळातला त्याचा एक किस्सा सांगतात. जेम्स मिचेल नावाच्या सदस्याने भाषणात त्याचा उल्लेख ‘बोरूच्या बेटातून आलेले सद्गृहस्थ’ असा केला. सभागृह हसलं. क्रॉकेट चिडला. पुढे त्याला मिचेलच्या सदऱ्यावर असायची तशी तलम झालर कुठेतरी सापडली. ती त्याने आपल्या जाड्याभरड्या सदऱ्यावर टाचली आणि मिचेलचं भाषण संपताच उभा राहिला. सभागृह इतकं हसलं की मिचेल बाहेर निघून गेला. ‘बोरूच्या बेटातले’ ही मग क्रॉकेटची अभिमानाची ओळख झाली.

१८२३ च्या निवडणुकीत समोर डॉ. विल्यम बटलर होते, श्रीमंत आणि लग्नसंबंधाने जॅक्सनच्या गोतावळ्यातले. त्यांच्या घरी क्रॉकेटने जमिनीवर उंची गालिचा पाहिला आणि सभांमधून सांगत सुटला: तुमच्या बायका-मुली नेसतात त्याहून चांगल्या कापडावर हा माणूस चालतो. तो निवडून आला. भाषण छोटं, मग विनोदी गोष्ट, मग सगळ्यांना पेय, ही त्याची प्रचाराची रीत. आज ती ओळखीची वाटेल, तेव्हा टेनेसीत नवी होती. सही करता न येणाऱ्या शेतकऱ्याला आपल्यासारखाच कुणीतरी उभा आहे असं पहिल्यांदा दिसत होतं.

१८२५ मध्ये संसदेसाठी उभा राहून तो हरला, १८२७ मध्ये जिंकला. वॉशिंग्टनला तो एकच काम मनात घेऊन गेला: पश्चिम टेनेसीत वॉरंटवाल्यांनी उचलल्यावर उरलेली, म्हणजे बहुतेक हलक्या प्रतीची सरकारी जमीन वहिवाटदारांना मिळावी.

याच प्रश्नावर टेनेसीचाच दुसरा प्रतिनिधी जेम्स पोक (हा पुढे राष्ट्राध्यक्ष झाला) वेगळं विधेयक घेऊन उभा होता. पोक म्हणत होता, ही जमीन टेनेसी राज्याला द्या, राज्य ती विकेल आणि त्या पैशातून शाळा काढेल. ऐकायला चांगलंच वाटतं. सुरुवातीला क्रॉकेट त्याच्याबरोबर होता. मग त्याला दिसलं की राज्य जमीन विकणार म्हणजे जास्तीत जास्त भाव घेणार, आणि तो भाव आपले लोक देऊ शकणार नाहीत. शाळा निघाल्या तरी हुसकावलेल्या माणसाची मुलं त्यात बसणार नाहीत. म्हणून १८२९ च्या जानेवारीत त्याने आपली दुरुस्ती मांडली. जो कसतो आहे, त्याला संघराज्याने थेट १६० एकरपर्यंत जमीन द्यावी. टेनेसीचे बाकी प्रतिनिधी उलटले. दुरुस्ती पडली. पुढेही त्याने अनेक वेळा प्रयत्न केले, एकदाही यश आलं नाही.

याला काही प्रमाणात तो स्वतः जबाबदार होता, असं मला वाटतं. संसदेत बिल पास करायचं तर चार जणांचं काम करून द्यावं लागतं, तेव्हा ते आपल्याला मत देतात. क्रॉकेटला हे जमलं नाही. वेस्ट पॉइंटची लष्करी अकादमी श्रीमंतांच्या मुलांसाठी सरकारी पैशाने चालते, ती बंद करा, असा ठराव त्याने १८३० मध्ये आणला. त्यामागचा राग खरा होता, पण त्यातून मित्र वाढले नाहीत. जॅक्सनचे लोक त्याला फितूर म्हणू लागले. गरिबांचा कैवारी म्हणवणारा जॅक्सन मोठ्या जमीनदारांच्या बाजूने झुकला आहे, जॅक्सन बदलला, मी नाही, असं क्रॉकेटचं म्हणणं होतं.

मूळ रहिवाशांना हलवण्याचं विधेयक आलं ते या तणावात. कागदावर त्यात सक्ती नव्हती. राष्ट्राध्यक्षाने जमातींशी जमिनीच्या अदलाबदलीचे करार करावेत, आणि त्यासाठी पाच लाख डॉलर मंजूर, एवढंच लिहिलं होतं. पण त्याच सुमारास जॉर्जिया राज्याने चेरोकींच्या प्रदेशावर आपले कायदे लादले होते. घरात राहणं अशक्य करायचं आणि मग स्वखुशीने जा म्हणायचं, हे सगळ्यांना कळत होतं.

क्रॉकेटने विरोधात मत दिलं. आपला मतदारसंघ चिकसॉ प्रदेशाला लागून आहे, या लोकांना आपण ओळखतो, त्यांना मनाविरुद्ध घालवणं अन्यायाचं आहे, आणि एवढा पैसा राष्ट्राध्यक्षाच्या हाती हिशेबाशिवाय देणं चूक आहे, असे त्याचे मुद्दे होते. चार वर्षांनी आत्मचरित्रात त्याने लिहिलं की हे दुष्ट, अन्यायी काम होतं आणि आपण दिलेल्या मताची कयामतीच्या दिवशीही लाज वाटणार नाही.

यामागे जॅक्सनवरचा रागच होता, असं काही अभ्यासक मानतात. राग होताच. पण नुसत्या रागासाठी सरहद्दीवरच्या मतदारांसमोर हे मत देणं म्हणजे स्वतःच्या पायावर धोंडा मारून घेणं होतं. त्याच्या मतदारांना ती जमीन हवी होती, मूळ रहिवासी गेलेले हवे होते, आणि जॅक्सन त्यांचं दैवत होता. शिवाय जमिनीवरून हुसकावलं जाणं म्हणजे काय, हे या माणसाने सहा-सात वर्षं संसदेत आणि बाहेर घसा कोरडा करून सांगितलं होतं. कागद नाही म्हणून कसणाऱ्याला उठवणं चूक असेल, तर कागद म्हणजे तह हातात असूनही चेरोकींना उठवणं किती चूक, ही सांगड त्याने घातली असेल असं मला वाटतं. आणि टॅलुशॅची त्याने डोळ्यांनी पाहिलं होतं. क्रीक युद्धात चेरोकी तर जॅक्सनच्याच बाजूने लढले होते. चेरोकींचा प्रमुख जॉन रॉस त्या युद्धात त्यांच्या पलटणीत अधिकारी होता. त्याच रॉसने १३ जानेवारी १८३१ रोजी क्रॉकेटला आभाराचं पत्र लिहिलं.

ऑगस्ट १८३१ च्या निवडणुकीत क्रॉकेट पडला. १८३३ मध्ये थोडक्या मतांनी पुन्हा निवडून आला. आता जॅक्सनविरोधी व्हिग पक्षाला तो हवाहवासा झाला. जंगलातला सरळ माणूस राष्ट्राध्यक्षाविरुद्ध बोलतो, याहून चांगला प्रचार कोणता? १८३४ मध्ये त्यांनी त्याला फिलाडेल्फिया, न्यूयॉर्क, बॉस्टनला मिरवलं, बंदूक भेट दिली, जेवणावळी घातल्या. सभागृहाचं कामकाज चालू असताना तो दौऱ्यावर होता. त्याचं जमिनीचं विधेयक तसंच पडून राहिलं. मला हा त्याच्या आयुष्यातला सर्वांत दुःखद काळ वाटतो. ज्यांच्यासाठी तो गेला होता ते ओबायनच्या काठी वाट बघत होते, आणि तो ज्यांच्या टाळ्या घेत होता त्यांना त्या जमिनीशी काही देणंघेणं नव्हतं.

१८३५ मध्ये ॲडम हंट्समनने त्याला २५२ मतांनी हरवलं. हंट्समनचा एक पाय लाकडी होता, खरा पाय त्याने क्रीक युद्धातच गमावला होता. ‘तुम्ही नरकात जा, मी टेक्सासला जातो,’ असं क्रॉकेट मतदारांना म्हणाल्याचं वर्तमानपत्रांत छापून आलं. १ नोव्हेंबर १८३५ रोजी तो निघाला.

टेक्सास तेव्हा मेक्सिकोचा भाग होता आणि तिथे वसलेल्या अमेरिकनांनी बंड केलं होतं. या बंडाला स्वातंत्र्याची बाजू होती तशीच गुलामगिरीचीही. मेक्सिकोने १८२९ मध्ये गुलामगिरी बंद केली होती, आणि बंडखोरांनी १८३६ च्या आपल्या राज्यघटनेत ती कायम केली. क्रॉकेट लढायच्या इराद्याने गेला असं अनेकदा सांगितलं जातं, पण त्याचा शोध आधी जमिनीचा होता. ९ जानेवारी १८३६ च्या, मुलीला लिहिलेल्या शेवटच्या उपलब्ध पत्रात तो रेड नदीकाठच्या प्रदेशाचं तोंड भरून कौतुक करतो: सुपीक माती, गोडं पाणी, भरपूर शिकार. सैन्यात नाव घालणाऱ्याला सुमारे ४,६०० एकर मिळणार होते. त्याने सहा महिन्यांची शपथ घेतली. शपथेत भावी सरकारशी निष्ठा असा मजकूर होता. ते सरकार ‘प्रजासत्ताक’ असलं तरच, असा शब्द त्याने आधी घालून घेतला.

फेब्रुवारीत तो सॅन अँटोनियोला पोचला. मेक्सिकोचा राष्ट्राध्यक्ष सांता ॲना याच्या सैन्याने १३ दिवस तिथल्या अलामोला वेढा घातला आणि ६ मार्च १८३६ च्या पहाटे गढी पडली. आतले सुमारे २०० लढवय्ये मारले गेले. क्रॉकेट लढताना मेला की पकडल्यावर त्याला ठार केलं, यावर आजही कडाक्याचे वाद होतात.

१८३८-३९ मध्ये चेरोकींना लष्कराच्या पहाऱ्यात पश्चिमेला हाकललं गेलं. वाटेत आणि छावण्यांत सुमारे ४,००० माणसं मेल्याचा अंदाज आहे. जॉन रॉसची पत्नीही याच प्रवासात वारली.

क्रॉकेटचा थोरला मुलगा जॉन वेस्ली १८३७ मध्ये बापाच्याच मतदारसंघातून संसदेत गेला. १८४१ मध्ये त्याने पश्चिम टेनेसीच्या जमिनीचं विधेयक, बदललेल्या रूपात का होईना, मंजूर करून घेतलं आणि वहिवाटदारांना आपली कसती जमीन घेण्याचा पहिला हक्क मिळण्याची वाट झाली. एलिझाबेथला टेक्सासमधली नवऱ्याच्या वाट्याची जमीन मिळाली, पण ती तिथे राहायला गेली १८५० नंतर, साठी उलटल्यावर.